चंद्री अजून कोठडीतच आहे

प्रिय विलास,

उद्या रविवार. उद्या चार वाजता मला कन्हेरीला तुझ्या घरी जाऊन तुझ्या जागेवर बसायचं आहे. तिथं बसल्यावर तुझ्यावर रागावता येणार नाही, कारण काकू, म्हणजे तुझी आई, समोर असतील. म्हणून जे काय बोलायचं आहे ते आजच लिहून टाकतो.

पत्र लिहिणाऱ्यातला मी नाही, हे तुला माहीत आहे. कारखान्याच्या लॅबमध्ये उसाच्या रसाचे नमुने तपासायचे आणि रजिस्टर भरायचं, एवढंच माझं लिखाण. बोलण्यातही मी मागंच. पण गेले सहा दिवस मी तुझ्याशी मनातल्या मनात भांडतोय. परवा भवानीनगरच्या स्टँडवर उभा होतो, तर बायको म्हणाली, कुणाशी पुटपुटताय? मी म्हटलं, विलासशी. तिला वाटलं, दुःख आहे. दुःख आहेच रे. पण त्याच्या आधी राग उभा आहे आणि तो बाजूला झाल्याशिवाय दुःखाची पाळी येईल असं दिसत नाही.

तुझी आई अजून तुरुंगात आहे, विलास! खऱ्या नव्हे, तू काढलेल्या त्या देशातल्या. पण काकूंना विचार, त्यांना तो खराच आहे.

पुण्याहून तू हा खेळ घेऊन आलास तेव्हा मला तो पोरकटपणा वाटला होता. एकानं गोष्ट सांगायची. बाकीच्यांनी त्या गोष्टीतला एकेक माणूस व्हायचं आणि आपण काय करतो ते बोलायचं. जमलं की फसलं, ते फाशांनी ठरवायचं. चाळिशीतल्या माणसांनी हे करायचं? पण तू आठवडाभर बारामतीत त्या मोजणीवाल्याच्या ऑफिसात लोकांच्या जमिनींचे नकाशे काढायचास आणि रविवारी रद्द झालेल्या कागदांच्या पाठीवर कुठंच नसलेल्या देशाचे नकाशे काढायचास. त्यातली एकेक ओढ्याची रेघ बघून मी येत राहिलो. वरकुट्याचा महादू आला तो चहासाठी. दुधाचा टँकर चालवून कंटाळलेला माणूस, आला आणि पैलवान होऊन बसला. मी वैद्य झालो. कमी बोलायचं काम बघून मी ते घेतलं, हे तू ओळखलं होतंस.

काकू कशा आल्या, आठवतं? एका कोठाराच्या कुलपापाशी आम्ही तासभर अडकलो होतो. पैलवान धडका देतोय, वैद्य झाडपाला हुंगतोय. काकू चहाचा ट्रे घेऊन उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, “आरं, कुलपाशी कशाला झोंबताय? बिजागरी उचकटा की.” महादूनं हात जोडले. तू सरकून त्यांना जागा दिलीस. तुझं नाव काय ठेवू, म्हणून तू विचारलंस, तर त्यांनी माहेरच्या म्हशीचं नाव सांगितलं. चंद्री. कसलंही फाटक असलं तरी शिंगानं उघडून जायची म्हणे. त्या दिवसापासून तुझी आई कुलपं फोडणारी चंद्री झाली आणि आमच्या तिघांत तीच सगळ्यांत तयार निघाली.

फाशांच्या जागी त्यांच्याच डब्यातल्या पाच कवड्या आल्या. तीन किंवा जास्त उताण्या पडल्या तर जमलं. नाही पडल्या तर फसलं. नियम तुझा, आणि दुसरा नियमही तुझाच: तोंडातून गेलेला शब्द परत घ्यायचा नाही.

त्या दुसऱ्या नियमानंच घात केला.

दोन वर्षं आम्ही त्या साखळीच्या मागं होतो. मापाड्या राजाची मोजणीची साखळी. ती जमिनीवर टाकून राजा चालत सुटला, की आतली जमीन सरकत सरकत त्याच्या राज्यात जायची. विहिरी जायच्या, घरं जायची, माणसं सकाळी उठायची ती परक्या मुलखात. जादू म्हणून तू काय निवडलंस, तर मोजणीची साखळी! दिवसभर लोकांची बांधावरची भांडणं ऐकणाऱ्या माणसाला दुसरं काय सुचणार? पण आम्हाला ती हवी होती. ती साखळी उलटी टाकत चाललं की गेलेली गावं परत येणार होती.

राजानं ती टेकडीवरच्या देवळात, तोंड नसलेल्या देवीच्या कमरेला गुंडाळून ठेवली होती. लुटायची वेळ महादूनं ठरवली. राजाच्या शिपायांनाही जेवल्यावर डुलकी येतच असणार, तेव्हा भर दुपारी जाऊ, असं त्याचं म्हणणं. काकूंना ते पटलं. मलाही पटलं. सगळं ठरल्याप्रमाणं झालं. शिपाई घोरत होते. कुत्र्यांना वैद्यानं गुंगीचा पाला चारला होता. चंद्रीनं दाराची बिजागरी आवाज न करता काढली.

मग तू विचारलंस, “दारात उभे आहात. आत सावली आहे, समोर देवी दिसतेय. काय करता?”

मी कधी पहिला बोलत नाही. त्या दिवशी बोललो. “चपला काढून आत जातो आम्ही.”

तू मान वर न करता विचारलंस, “सगळे?”

“सगळे. देऊळ आहे.”

महादूनं कपाळावर हात मारून घेतला. “आरं, चोरी कराय आलोय का अभिषेकाला?”

पण शब्द गेला होता. आणि मग तू सांगितलंस, सभामंडपाच्या फरशीवर धुळीखाली लोखंडी काट्यांचे सराटे पसरलेले आहेत. पायात वहाणा असत्या तर नुसते तुडवत गेलो असतो! माझ्या कवड्या पडल्या त्यात एक उताणी. वैद्य कोसळला, ओरडला. शिपाई जागे झाले. पैलवान लंगडत दाराकडं पळाला. आणि इकडं काकूंनी पाचच्या पाच उताण्या पाडल्या. चंद्री रक्ताळलेल्या पायांनी देवीपर्यंत पोचली आणि साखळी तिच्या हातात आली. दोन वर्षांनी, विलास!

तेव्हा तू काय विचारलंस? “चंद्री, मागचं दार उघडं आहे. साखळी घेऊन निसटता येतं. पण वैद्य मंडपात पडलाय. काय करतेस?”

काकूंनी क्षणाचाही विचार केला नाही. “त्येला उचलती. साखळी ऱ्हाऊ दे.”

त्यांनी मला ओढत दारापर्यंत आणलं, पैलवानानं खांद्यावर टाकलं, आम्ही दोघं सुटलो. चंद्री पकडली गेली. तू वही मिटलीस आणि म्हणालास, चंद्री कोठडीत. आजच्यापुरतं पुरे.

मी तुझ्याकडं आयुष्यात काही मागितलं नव्हतं. त्या दिवशी मागितलं. म्हटलं, माझं ते एक वाक्य सोडून दे. देवळाच्या दारात चपला काढणं हा काही विचार नसतो, हात आपोआप खाली जातात. त्याची शिक्षा काकूंना कशाला? तू हसलास. म्हणालास, “बोललेला शब्द परत नाही, दत्तू.” ते हसू मला लागलं. मी म्हटलं, हा खेळ तुझ्या एकट्याचा आहे, आम्ही तुझ्या हातातल्या कवड्या आहोत. आणि चहा न घेता उठलो. काकूंनी मागून हाक मारली, तरी मी वळलो नाही.

पुढचे तीन रविवार मी आलो नाही. सीझन आहे, शिफ्ट बदलली, असं कळवलं. ते खोटं होतं. माझी सुट्टी रविवारचीच होती. मी घरी बसून मोटरसायकल पुसत होतो. चौथ्या रविवारी तुझा मेसेज आला, ये, चंद्रीला सोडवायचंय. मी तो वाचला आणि फोन पालथा ठेवला.

मंगळवारी दुपारी महादूचा फोन आला. तू ऑफिसात टेबलावरच कलंडलास. दवाखान्यापर्यंतही थांबला नाहीस.

आता मी तुला विचारतो. पंधरा दिवस डावा हात दुखत होता आणि तू आईकडून तेल चोळून घेत होतास? दिवसभर पट्टी दाबून धरून हात आखडतो, असं तिला सांगत होतास? ती माउली आता मला म्हणते, म्या रोज चोळायची रं, मला काय ठावं! हे तिच्या वाट्याला का ठेवलंस? पाच गावांचे नकाशे काढायला तुला वेळ होता, एक ईसीजी काढायला नव्हता? आणि मी येत असतो तर तुझा चेहरा बघून मला काही कळलं असतं का, हा प्रश्न तू माझ्या गळ्यात टाकून गेलास. त्याचं उत्तर मी कुणाकडं मागू?

दहाव्याला कऱ्हेच्या काठी कावळा शिवेना. तुझ्या मामांनी सांगितलं, आईची काळजी करू नको. चुलतभावानं सांगितलं, कंपाउंडची भिंत पुरी करतो. झाडावर पाच-सहा कावळे बसलेले, एकही खाली उतरेना. ऊन चढलं. महादू माझ्या मागं उभा होता. तो माझ्या कानाशी आला आणि म्हणाला, “दत्ता, तू म्हण. चंद्रीला सोडिवतो म्हण. त्येचा जीव तितंच आडकलाय.”

मी आजूबाजूला बघितलं. चाळीस-पन्नास माणसं, भटजी, तुझ्या ऑफिसातले लोक. त्यांच्यात उभं राहून चंद्री कोण, कोठडी कसली, हे कसं बोलायचं? माझ्या तोंडून शब्द निघाला नाही. शेवटी भटजींनी दर्भाचा कावळा करून पिंडाला लावला. परतीच्या वाटेवर महादू माझ्याशी बोलला नाही.

तू म्हणायचास, असल्या गोष्टींवर माझा विश्वास नाही. मग एखादा कावळा खाली पाठवायला तुझं काय जात होतं? आम्हाला छळायचं म्हणूनच थांबला असशील.

यातलं काहीच मी पुढं उघडून बोललो नसतो. पण गेल्या आठवड्यात काकूंचा फोन आला. “दत्ता, रविवारी येतोस का न्हाय?” मला वाटलं, काही कागदपत्रांचं काम असेल. गेलो, तर खाटेवर तुझा नकाशा पसरलेला. चार कोपऱ्यांना चार वाट्या ठेवलेल्या. महादू येऊन बसलेला. काकूंनी कवड्या माझ्यासमोर ठेवल्या आणि म्हणाल्या, “आता तू सांग. फुडं काय हुतंय?”

मला वाटलं, यांना आता आणखी त्रास नको. म्हणून मी म्हटलं, समजा काकू, सकाळी पहारेकरी आला, त्यानं दार उघडलं आणि चंद्रीला म्हणाला, जा बाई आपल्या घरी.

“का म्हनाला आसं?”

“दया आली त्याला.”

काकू माझ्याकडं बघत राहिल्या. तुझ्या घरी मी पंचवीस वर्षं जेवतोय, पण त्या नजरेनं त्यांनी मला कधी बघितलं नव्हतं. “माझा पोरगा गेला म्हणून मला फुकट सोडिवतोस व्हय? त्यानं सोडली आसती का मला आशी?”

महादू खाली बघून म्हणाला, “न्हाय सोडली आसती. लई वंगाळ मानूस हुता.” आणि दोघंही हसले. मला मात्र हसू आलं नाही.

काकू आत गेल्या आणि तुझी वही घेऊन आल्या. म्हणाल्या, “ही वाच. आन फुडल्या रविवारी नीट तयारी करून ये. मला तितं बसून कट्टाळा आलाय.”

सोमवारी ड्युटीवरून आल्यावर वही उघडली. नकाशावर लिहितात तशा तुझ्या सरळ अक्षरात देवळाच्या लुटीचं पान होतं. वर तारीख त्या रविवारच्या चार दिवस आधीची. मी ते पान इतक्यांदा वाचलंय की पाठ झालंय.

‘देऊळ. दारात दत्ता चपला काढायला लावणार. नक्की. सराटे मंडपात.’

त्याच्या खाली, ‘महादू शिव्या देणार.’

आणि त्याच्या खाली, ‘आई साखळी टाकून परत फिरणार.’

विलास, तुला हे आधीच माहीत होतं! मी चपला काढणार हे धरून तू सराटे पसरलेस. मी तुला हात जोडून सांगत होतो की ते आपोआप होतं आणि तू हसत होतास, कारण त्या आपोआपवरच तुझा सगळा डाव उभा होता. आई परत फिरणार हे माहीत असून तू तिला विचारलंस. असं कुणी मित्राशी वागतं? असं कुणी आईशी वागतं? बुधवारी मी ती वही पिशवीत टाकली आणि शिफ्ट संपल्यावर थेट कन्हेरीला गेलो. काकू अंगणात मेथी निवडत होत्या. मी उभ्या उभ्याच त्यांना ते पान वाचून दाखवलं. माझा आवाज चढला होता, हे मला नंतर कळलं.

त्यांनी ऐकून घेतलं. “मंग?” एवढंच म्हणाल्या.

मी म्हटलं, काकू, त्यानं आपल्याला फसवलं.

“बस आधी.” मी बसलो. “आता मला सांग. सराटं हाईत हे तुला ठावं आसतं, तर गेला आसतास का देवळात चपला घालून?”

मी विचार केला. खरंच केला. मग म्हटलं, नाही.

“आन म्या तुला तितं टाकून साखळी न्हेली आसती का?”

मी वही मिटली.

“मंग त्यानं काय वाईट केलं? हाय त्येच लिवलं.” त्या पुन्हा मेथी निवडायला लागल्या. निवडता निवडता म्हणाल्या, “त्येला आपुन ठावं हुतो, दत्ता. आता कुनाला ठावं हाय आपुन?”

मी जुडी ओढून घेतली आणि मेथी निवडत बसलो.

काकूंचं म्हणणं मला पटलं. सराट्यांबद्दलचा राग मी सोडला, जा. पण दुसरा राग मी सोडणार नाही. त्या पानाच्या शेवटी तू एकच शब्द लिहिला आहेस, ‘मग?’ आणि पुढची सगळी पानं कोरी. कोठडी कुठं आहे, पहारा कुणाचा, दाराला बिजागरी आहे की नाही, काहीच नाही. का? तुझ्या डोक्यात होतं म्हणून लिहिलं नाहीस? की मी यायची वाट बघत होतास? लोकांच्या जमिनीचा नकाशा तू कधी अर्धा सोडला नाहीस. आईची गोष्ट तेवढी अर्धी सोडलीस.

म्हणून मी तयारी केली आहे. तुझ्याइतकी चांगली नाही. मला ओढे काढता येत नाहीत. पण कोठडी जमिनीखालच्या जुन्या पेवात, धान्य साठवायच्या खड्ड्यात आहे, हे मी ठरवलं आहे. बाहेर पडायच्या वाटा तीन आहेत आणि तीनही अवघड आहेत. एका वाटेवर वैद्य उभा असेल. लंगडत कोठडीच्या दारात येऊन तो पहारेकऱ्याला सांगेल की चपला काढायला लावणारा मी, हिला सोडा. गोष्ट सांगणाऱ्यानं स्वतः खेळायचं नसतं, हे मला माहीत आहे. पण त्याला तेवढं बोलू देणार आहे. दहाव्याला चारचौघांत जे बोललो नाही, ते त्याला बोलायला लावणार आहे. पहारेकरी मानेल की नाही, हे काकूंच्या कवड्या ठरवतील. नाही मानलं तर दोघंही आत.

मी दया करणार नाही. कवड्या दुसऱ्यांदा टाकू देणार नाही. काकू माझ्यावर चिडल्या तरी चालेल.

आणि एक गोष्ट मी तुझ्यापेक्षा वेगळी करणार आहे. दर रविवारी उठायच्या आधी पुढच्या रविवारचं सगळं वहीत लिहीन, अगदी पहारेकऱ्याच्या नावासकट, आणि वही काकूंच्या घरीच ठेवीन. उद्या मला काही झालं तर महादू ती वाचून दाखवेल. तो अडखळत वाचतो, शिव्याही मधे घालेल, पण वाचेल. मी कधी जाईन, हे काही माझ्या हातात नाही. पण तुझ्या आईला अर्ध्या गोष्टीत बसवून या घरातून पुन्हा कुणी उठून जाणार नाही, हे माझ्या हातात आहे. ते मी करीन.

तुझ्यावर अजून रागावलेला,
दत्ता